चेहरा आणि नाव

पाठाचा परिचय

चित्रपट आपण सर्वच पाहतो. हा पाठ चित्रपटाच्या एका वेगळ्या प्रकाराविषयी, म्हणजे माहितीपटाविषयी आहे. माहितीपट कसा तयार होतो आणि तो पाहताना कोणते प्रश्न मनात ठेवावेत, हे या पाठातून तुम्हांला समजेल. युरोपातील रोमा लोक आणि आपल्या देशातील भटके-विमुक्त समाज यांच्याविषयीच्या काही माहितीपटांची ओळखही होईल. कठीण शब्दांचे अर्थ पाठाच्या शेवटी दिले आहेत.

मूळ पाठ

रायपूर शहरातील पंडरी हा भाग कापडाच्या बाजारासाठी ओळखला जातो. छत्तीसगडमधील गावोगावचे दुकानदार घाऊक माल घेण्यासाठी येथे येतात आणि लग्नसराईत तर येथून वाट काढणेही कठीण होते. शहराचे मुख्य बसस्थानक बरीच वर्षे याच भागात होते. पुढे ते भाठागावला गेले. बाहेरगावची माणसे जेथे उतरतात, तेथे पोटासाठी फिरणारी माणसेही येतात. अशा बाजाराच्या कडेला गोंदण करणारी एक देवार स्त्री बसली आहे, अशी कल्पना करा. तिच्यासमोर सुया आहेत, काजळीची शाई आहे, बाजूला तिचे लहान मूल झोपले आहे. तुमच्या हातात कॅमेरा आहे. तो मोबाइलमधला असला तरी चालेल. तुम्हांला तिच्याविषयी दहा मिनिटांचा माहितीपट करायचा आहे. तुम्ही सर्वांत आधी काय कराल?

बहुतेक जण म्हणतील, कॅमेरा सुरू करू. उत्तर स्वाभाविक आहे. पुष्कळ प्रसिद्ध माहितीपटांची सुरुवात अशीच झाली आहे. पण त्या माहितीपटांत ज्यांचे चेहरे दिसतात त्यांचे पुढे काय झाले, हे पाहिले म्हणजे आपण या उत्तरापाशी थोडे थांबतो. म्हणून त्या स्त्रीला काही वेळ बाजारातच बसू देऊ आणि आधी माहितीपटाची गोष्ट पाहू.

माहितीपट म्हणजे काय?

कथापटात लेखकाने रचलेली गोष्ट नट-नट्या सादर करतात. माहितीपटात खरी माणसे, खऱ्या जागा आणि प्रत्यक्ष घडलेल्या घटना असतात. मराठीत याला अनुबोधपट असेही म्हणतात. हिंदीत वृत्तचित्र हा शब्द रूढ आहे. भारतात या प्रकाराचा आरंभ एका मराठी माणसाने केला, ही आपल्याला अभिमान वाटावा अशी गोष्ट आहे. हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर ऊर्फ सावेदादा यांनी १८९९ साली मुंबईतील हँगिंग गार्डन येथे झालेल्या एका कुस्तीचे चित्रण केले. १९०१ साली केंब्रिजहून रँग्लर होऊन परतलेल्या रघुनाथ पुरुषोत्तम परांजपे यांच्या स्वागताचेही चित्रण त्यांनीच केले. दादासाहेब फाळके यांनी आपला पहिला कथापट काढण्याआधी बीजातून उगवणाऱ्या रोपट्याचे लहानसे चित्रण केले होते. स्वातंत्र्यानंतर १९४८ साली सरकारने फिल्म्स डिव्हिजन ही संस्था स्थापन केली. पुढे अनेक वर्षे चित्रपटगृहांत मुख्य खेळाआधी तिचे माहितीपट दाखवले जात. पडद्यावर धरणे, शेते, लोकनृत्ये दिसत आणि मागे एक भारदस्त आवाज सर्व काही समजावून सांगत असे. पडद्यावरची माणसे स्वतः क्वचितच बोलत. २०२२ साली ही संस्था राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झाली.

जगाच्या इतिहासात माहितीपटाचा आरंभ सांगताना बहुधा ‘नानूक ऑफ द नॉर्थ’ या चित्रपटाचे नाव घेतात. रॉबर्ट फ्लाहर्टी यांनी तो १९२२ साली पूर्ण केला. कॅनडाच्या बर्फाळ उत्तरेकडील इन्युइट लोकांचे जीवन त्यात आहे. नानूक नावाचा शिकारी आपल्या कुटुंबासह बर्फाचे घर बांधतो, भाल्याने शिकार करतो, थंडीशी झुंज देतो. जगभरच्या प्रेक्षकांनी हा चित्रपट डोक्यावर घेतला. आजही तो पाहताना मन गुंतते, हे मान्य केले पाहिजे.

मात्र त्या माणसाचे नाव नानूक नव्हते. त्याचे खरे नाव अल्लाकारिआल्लाक. चित्रपटात त्याची पत्नी म्हणून दाखवलेली स्त्री त्याची पत्नी नव्हती. त्या काळी तेथील शिकारी बंदुका वापरू लागले होते, तरी त्याला जुन्या पद्धतीनेच शिकार करायला सांगितले गेले. आत उजेड यावा म्हणून चित्रणासाठी बर्फाचे घर अर्धेच बांधले होते. जुन्या जीवनाची नोंद राहावी, असा फ्लाहर्टी यांचा हेतू होता आणि त्या इन्युइट लोकांनीही चित्रणाला मनापासून मदत केली. जुन्या काळच्या अवजड कॅमेऱ्याची अडचणही समजण्यासारखी आहे. घराची भिंत काढल्याबद्दल त्यांना फारसा दोष देता येणार नाही. नावाची गोष्ट वेगळी. ते बदलण्यासाठी कॅमेऱ्याची कोणतीच अडचण नव्हती. दूरच्या प्रेक्षकाच्या जिभेला सोपे जावे एवढ्यासाठी ते बदलले गेले आणि शंभर वर्षे जग त्या माणसाला दुसऱ्याच नावाने ओळखत राहिले.

रोमा: नात्यातली भाषा

आता युरोपकडे वळू. तेथे सुमारे एक कोटी रोमा लोक राहतात. त्यांना इंग्रजीत ‘जिप्सी’ म्हणत. हे लोक इजिप्तमधून आले असावेत, अशी पूर्वी युरोपीय लोकांची समजूत होती; त्या चुकीच्या समजुतीतून हा शब्द निघाला. प्रत्यक्षात त्यांचे पूर्वज सुमारे हजार वर्षांपूर्वी भारतातून निघाले आणि इराण, आर्मेनिया, ग्रीस अशा वाटेने युरोपात पोहोचले. याचा सर्वांत भक्कम पुरावा त्यांच्या भाषेत आहे. रोमानी भाषेत पाण्याला ‘पानी’, नाकाला ‘नाक’, कानाला ‘कान’ आणि माणसाला ‘मनुश’ म्हणतात. भाकरीला ‘मानरो’ म्हणतात. संस्कृत ‘मंडक’ या शब्दापासून तो आला आणि आपला ‘मांडा’ही त्याच शब्दापासून आला. पुरणाचा मांडा करणाऱ्या खानदेशातील गृहिणीला हे सांगितले, तर तिला मोठे नवल वाटेल! दुसरीकडे सात, आठ आणि नऊ या आकड्यांसाठी रोमानीत ग्रीक शब्द आहेत. चालत गेलेल्या वाटेच्या खुणा अशा भाषेत राहिल्या आहेत.

‘रोम’ म्हणजे त्यांच्या भाषेत आपल्यातला माणूस. हा शब्द ‘डोम’ या जुन्या भारतीय शब्दापासून आला असावा, असे बहुतेक अभ्यासक मानतात. आपला ‘डोंबारी’ हा शब्दही त्याच कुळातला. याचा अर्थ दोरीवर कसरत करणारे आपले डोंबारी हेच रोमांचे पूर्वज, असा मात्र काढू नये. शब्दांचे नाते सिद्ध झाले, म्हणून माणसांची वंशावळ सिद्ध होत नाही.

मराठीत ‘जिप्सी’ हा शब्द एका गोड अर्थाने आला. घर नाही, बंधन नाही, मनाला येईल तिकडे जाणारा स्वच्छंद माणूस, असे चित्र त्यातून उभे राहते. मंगेश पाडगावकरांच्या एका प्रसिद्ध संग्रहाचे नाव ‘जिप्सी’च आहे. कवीने आपल्या मनातल्या ओढीला हे नाव द्यावे, यात गैर काही नाही. परंतु ज्यांना हे नाव इतरांनी दिले, त्यांचे भटकणे नेहमी हौसेचे नव्हते. गावात थांबू दिले जात नाही म्हणून पुढे जावे लागणे, याला स्वच्छंद म्हणता येत नाही. १९७१ साली लंडनजवळ रोमा प्रतिनिधींची पहिली जागतिक परिषद भरली. ‘जिप्सी’ऐवजी ‘रोमा’ या नावाने आपल्याला ओळखावे, असे त्या परिषदेत ठरले. तिने स्वीकारलेल्या निळ्या-हिरव्या ध्वजावर मधोमध सोळा आऱ्यांचे चक्र आहे. भारताचे प्रतिनिधी म्हणून चंदीगडचे वीर राजेंद्र ऋषी त्या परिषदेस उपस्थित होते.

रोमांच्या बाबतीत कॅमेरा नेहमी कलावंताच्याच हाती होता असे नाही. जर्मनीत हिटलरची सत्ता असताना रॉबर्ट रिटर यांच्या विभागाने हजारो रोमा आणि सिंती लोकांची मोजमापे घेतली, छायाचित्रे काढली, वंशावळी लिहून घेतल्या. (सिंती ही जर्मन भाषिक प्रदेशात स्थिरावलेली रोमांची शाखा होय.) रिटर यांची सहकारी एव्हा युस्टिन हिला रोमानी भाषा येत होती. ती लोकांशी त्यांच्या भाषेत बोलत असे, त्यामुळे ते तिच्यावर विश्वास ठेवत. मुल्फिंगेन येथील बालगृहातील सिंती मुलांवर तिने प्रबंध लिहिला. त्या मुलांचे चित्रणही केले. प्रबंधाचे काम होईपर्यंत मुलांना तेथे ठेवले गेले. मे १९४४ मध्ये ३९ मुलांना आउश्वित्झच्या छावणीत पाठवण्यात आले. त्यांतील चारच वाचली. दुसऱ्याची भाषा शिकणे म्हणजे त्याच्याशी आपुलकी जोडणे, असे आपण भाषेच्या पाठ्यपुस्तकातून नेहमी सांगतो. हे उदाहरण आठवले की ते वाक्य लिहिताना हात थबकतो.

त्याच मे महिन्यात नेदरलँड्समधील वेस्टरबोर्क छावणीत एक चित्रण झाले. छावणीच्या जर्मन प्रमुखाने ते करवून घेतले होते आणि कॅमेरा होता रुडोल्फ ब्रेस्लाऊर या ज्यू कैद्याच्या हाती. १९ मे १९४४ रोजी आउश्वित्झकडे जाणारी आगगाडी त्याने चित्रित केली. मालडब्याचे दार बंद होण्यापूर्वी फटीतून एक मुलगी बाहेर पाहते. तिच्या डोक्याला फडके गुंडाळलेले आहे. पडद्यावर ती अवघी सात सेकंद दिसते. पुढे ब्रेस्लाऊरलाही छावणीत पाठवण्यात आले. तो परत आला नाही. चित्रफीत मात्र राहिली. युद्धानंतर त्या मुलीचा चेहरा पुस्तकांतून, प्रदर्शनांतून, माहितीपटांतून जगभर पोहोचला. ज्यू वंशसंहाराचे प्रतीक म्हणून लोक त्याकडे पाहू लागले. तिचे नाव कोणालाच ठाऊक नव्हते.

आड वाखेनार या डच पत्रकाराने तिचा शोध घेण्याचे ठरवले. त्याने चित्रफीत पुनःपुन्हा पाहिली. डब्यांचे क्रमांक, फलाटावरून नेल्या जाणाऱ्या एका आजारी स्त्रीच्या पेटीवरचे नाव, अशा बारीकसारीक खुणा जुळवून त्याने गाडीची तारीख निश्चित केली. त्या गाडीत ज्यूंबरोबर २४५ रोमा आणि सिंतीही होते, हे नोंदींवरून कळले. मग त्याने जिवंत राहिलेल्या रोमा-सिंतींचा शोध सुरू केला. १९९४ साली त्याला त्याच डब्यातून प्रवास केलेली एक स्त्री भेटली. दारापाशी उभ्या असलेल्या मुलीला तिच्या आईने ‘दूर हो’ म्हणून हाक मारली होती, ती हाक या स्त्रीला आठवत होती. मुलीचे नाव सेटेला. सरकारी दप्तरात तिचे नाव आना मारिया स्टाइनबाख असे होते, पण घरात आणि वस्तीत ती सेटेलाच होती. ती नऊ वर्षांची होती. छावणीत केस कापून टाकल्यामुळे तिने डोके झाकून घेतले होते. आई आणि भावंडांसह ती आउश्वित्झमध्ये मारली गेली. या शोधावर चेरी दाउन्स यांनी त्याच वर्षी माहितीपट केला.

पन्नास वर्षे जगाने तो चेहरा पाहिला, त्यासाठी अश्रू ढाळले आणि तरीही तो चेहरा एका सिंती मुलीचा आहे हे कोणाच्या मनात आले नाही. वाखेनारचा शोध प्रसिद्ध झाला तेव्हा, एवढ्या वर्षांनी नाव कळून काय मिळवायचे, असे काही जणांना वाटले असेल. नाव कळल्यामुळे सेटेला परत आली नाही. पण रोमांचाही संहार झाला होता, या गोष्टीला एक चेहरा मिळाला.

रोमांवरील आणखी एका चित्रपटाचा उल्लेख येथे केला पाहिजे. टोनी गॅटलिफ यांची आई रोमा होती. त्यांचा ‘लाचो द्रोम’ (१९९३) राजस्थानच्या वाळवंटात सुरू होतो आणि देशोदेशींच्या रोमा गायक-वादकांबरोबर स्पेनपर्यंत जातो. ‘लाचो द्रोम’ म्हणजे ‘प्रवास सुखाचा होवो’. संपूर्ण चित्रपटात निवेदन नाही. त्यातील दृश्ये दिग्दर्शकाने आखून घेतलेली आहेत, म्हणून काही जाणकार त्याला शुद्ध माहितीपट मानत नाहीत. हा वाद आपण बाजूला ठेवू. समजावून सांगणारा आवाज काढून घेतला की गाणारी माणसे किती जवळ येतात, ते पाहण्यासाठी हा चित्रपट जरूर पाहावा.

पाठगत प्रश्न

१. फ्लाहर्टी यांनी केलेल्या कोणत्या बदलाला लेखक कमी दोष देतो व कोणत्या बदलाला अधिक? का?
२. वाखेनार यांनी गाडीची तारीख कशावरून निश्चित केली?

आपल्या देशातील नोंदवह्या

युरोपात जे घडले तसा संहार आपल्याकडे झाला नाही. परंतु माणसांच्या नोंदी करून त्यांना जन्मभर एका नावाखाली ठेवण्याचे काम येथे त्याच्याही पुष्कळ आधी सुरू झाले होते. १८७१ साली इंग्रज सरकारने गुन्हेगार जमाती कायदा केला. या कायद्याने काही जमाती जन्मतःच गुन्हेगार ठरवल्या गेल्या. त्यांतील माणसांची नावे पोलिसांच्या वहीत चढत. त्यांना ठरलेल्या वेळी हजेरी द्यावी लागे, परवानगीवाचून गाव सोडता येत नसे. १९११ च्या कायद्याने बोटांचे ठसे घेण्याचीही तरतूद झाली. मुंबई इलाख्यात पारधी, कैकाडी, कंजारभाट, मांग गारुडी अशा अनेक समाजांना हे भोगावे लागले. सोलापूरला तारेच्या कुंपणात त्यांची मोठी वसाहत होती. स्वातंत्र्यानंतर ३१ ऑगस्ट १९५२ रोजी कायदा रद्द झाला आणि या जमाती ‘विमुक्त’ म्हणवल्या गेल्या. कायदा गेला, तरी चोरी झाली की त्यांच्याच पालांवर जाण्याची सवय गेली नाही.

मराठी साहित्यात या समाजांनी स्वतःविषयी स्वतः लिहिले, ही फार मोठी घटना आहे. लक्ष्मण माने यांचे ‘उपरा’ १९८० साली आणि लक्ष्मण गायकवाड यांचे ‘उचल्या’ १९८७ साली प्रसिद्ध झाले. ‘उचल्या’ हे नाव जगाने शिवी म्हणून दिलेले. लेखकाने तेच आपल्या पुस्तकावर घातले. माहितीपटाच्या क्षेत्रात अशी घटना घडायला आणखी काही वर्षे लागली आणि ती घडली अहमदाबादच्या छारानगरात.

छारा हा समाजही पूर्वी गुन्हेगार जमातींच्या यादीत होता. त्यांची भांतू बोली महाराष्ट्रातील कंजारभाट समाजाच्या बोलीशी जवळची आहे. १९९८ च्या फेब्रुवारीत पश्चिम बंगालमधील पुरुलिया जिल्ह्यात बूधन शबर या खेडिया शबर जमातीच्या तरुणाचा पोलीस कोठडीत मृत्यू झाला. लेखिका महाश्वेता देवी यांच्या संस्थेने न्यायालयात दाद मागितली आणि कोलकाता उच्च न्यायालयाने त्याच्या पत्नीला भरपाई देण्याचा आदेश दिला. महाश्वेता देवी, मराठी, गुजराती व इंग्रजी अशा तिन्ही भाषांत लिहिणारे अभ्यासक गणेश देवी आणि ‘उचल्या’कार लक्ष्मण गायकवाड यांनी त्याच वर्षी विमुक्त जमातींच्या हक्कांसाठी संघटना उभारली. छारानगरात वाचनालय सुरू झाले होते. तेथील तरुणांनी बूधनच्या मृत्यूवर नाटक बसवले आणि ३१ ऑगस्ट १९९८ रोजी त्याचा प्रयोग केला. बूधनला त्यांनी कधी पाहिले नव्हते. तरी त्यांच्या नाट्यसंस्थेचे नाव ‘बूधन थिएटर’ झाले.

शाश्वती तालुकदार आणि केरिम फ्रीडमन हे दोघे बाहेरचे दिग्दर्शक या तरुणांकडे आले. २००५ साली त्यांनी एक लहान माहितीपट केला. पण ते तेवढ्यावर थांबले नाहीत, पुनःपुन्हा येत राहिले. ‘प्लीज डोन्ट बीट मी, सर!’ हा त्यांचा मोठा माहितीपट २०११ साली पूर्ण झाला. ‘साहेब, मला मारू नका’ असा त्या नावाचा अर्थ. या माहितीपटात नाटकाच्या तालमी आहेत, घरातली बोलणी आहेत, मुलांच्या शिक्षणासाठी आपण काय काय केले ते सांगणारे आईबाप आहेत. घरातली वडीलधारी माणसे चोरीविषयी आणि दारू गाळण्याविषयी संकोच न करता बोलतात. मला या माहितीपटाचे बळ येथेच जाणवते. दुबळ्या माणसाची बाजू घ्यायची म्हणजे त्याला संत करून दाखवायचे, असा मोह अनेक सद्‌हेतू दिग्दर्शकांना होतो. त्यातून प्रेक्षकाच्या मनात दया उत्पन्न होते, परंतु समोरचा माणूस कळत नाही. चोरी का करावी लागली, हे ज्याला सांगता येते, तो आरोपी म्हणून उभा राहत नाही. साक्षीदार म्हणून बोलतो.

पुढची पायरी याच तरुणांनी गाठली. बूधन थिएटरचे दक्षिण बजरंगे स्वतः कॅमेरा हाती घेऊन माहितीपट करू लागले. ‘बर्थ १८७१’ (२०१४) हा त्यांचा माहितीपट देशातील विमुक्त जमातींविषयी आहे. जन्मसाल म्हणून कायद्याचे साल! आमचा जन्म त्या वहीत झाला, असे जणू ते शीर्षक सांगते.

रायपूरकडे परत

आता आपण पुन्हा रायपूरला येऊ. प्रसिद्ध नाटककार हबीब तन्वीर यांचा जन्म १९२३ साली याच शहरात झाला. त्यांच्या ‘नया थिएटर’मध्ये छत्तीसगडचे ग्रामीण कलावंत आपल्या छत्तीसगडी बोलीत नाटके करत. त्यांत देवार समाजातील कलावंत स्त्रियाही होत्या. देवार हे छत्तीसगडचे भटके गायक. पुरुष वाद्याच्या साथीने ‘दसमत कैना’सारख्या जुन्या गाथा गात, स्त्रिया गात, नाचत आणि गोंदण करत. गोंदण हा मेल्यावरही सोबत येणारा एकच दागिना, अशी छत्तीसगडच्या खेड्यांतील जुनी श्रद्धा आहे. तो दागिना देणाऱ्या स्त्रीला मात्र गावाबाहेरच उतरावे लागे. याच समाजातील फिदाबाई मरकाम यांनी ‘चरणदास चोर’ या नाटकात राणीची भूमिका केली. १९८२ साली एडिंबरोच्या नाट्यमहोत्सवात या नाटकाला पुरस्कार मिळाला. ज्यांच्याकडे गाव संशयाने पाहत असे, त्यांच्यातली एक स्त्री रंगमंचावर राणी झाली आणि तिच्यासमोर उभा होता कधीही खोटे न बोलणारा चोर.

संजय महर्षी आणि सुधन्वा देशपांडे यांनी २००५ साली हबीब तन्वीर आणि त्यांची मंडळी यांच्यावर माहितीपट केला. ‘गांव के नांव थिएटर, मोर नांव हबीब’ हे त्याचे नाव छत्तीसगडीत आहे. माझ्या गावाचे नाव रंगभूमी, माझे नाव हबीब, असा त्याचा अर्थ. अनोळखी माणसाला आपण सर्वप्रथम जे दोन प्रश्न विचारतो, त्यांची ही उत्तरे आहेत: गाव कोणते आणि नाव काय.

पंडरीच्या बाजारातील ती गोंदण करणारी स्त्री आपली वाट पाहत आहे. तिच्याजवळ जाऊन बसावे. गोंदून घ्यायचे नसेल तर तिचे गिऱ्हाईक अडेल असे बसू नये. कॅमेरा पिशवीत असू द्यावा. आपण कोण, कशासाठी आलो, चित्रण कोणाला दाखवणार, हे तिला समजेल अशा भाषेत सांगावे. ती छत्तीसगडी बोलत असेल आणि आपल्याला ती बोली नीट येत नसेल, तर जाणणाऱ्याला बरोबर न्यावे. मग नाव विचारावे. वहीत एक नाव असते, घरात दुसरे, बाजारात लोक हाक मारतात ते तिसरेच. तुम्हांला कोणत्या नावाने दाखवू, हा प्रश्न तिलाच विचारला पाहिजे. नाव देऊच नका, असेही ती म्हणू शकेल आणि त्याला कारण असू शकेल. पाल कोठे आहे हे चित्रणातून कळले आणि दुसऱ्या आठवड्यात ते उठवले गेले, तर त्याची झळ तिलाच लागेल. म्हणून नाव नेहमी द्यावेच असा नियम करता येत नाही. देण्याचा आणि न देण्याचा अधिकार तिचा, एवढे पक्के. ती नकोच म्हणाली, तर नमस्कार करून उठावे. दुसऱ्या दिवशी पुन्हा जाण्यास हरकत नाही.

होकार मिळाल्यावर चित्रण करताना चेहऱ्याइतकेच हातांकडे लक्ष द्यावे. सुईची लय, शाई पुसण्याची पद्धत, वेदना होत असताना गिऱ्हाइकाला बोलण्यात गुंतवण्याची हातोटी, हे तिचे कौशल्य आहे. तिला केवळ ‘गरिबी कशी आहे?’ असे विचारले, तर तिच्या हुनराविषयी एक शब्दही हाती लागणार नाही. आवाजाचे ध्वनिमुद्रण नीट करावे. पंडरीत हॉर्नचा गोंगाट फार. ध्वनिमुद्रक तिच्याजवळ नसेल तर तिचे बोलणे बुडून जाईल आणि मग घरी बसून आपल्या आवाजात निवेदन जोडण्याचा मोह होईल.

खरी कसोटी संकलनाच्या वेळी लागते. तासाभराच्या चित्रणातून दहा मिनिटे निवडायची असतात. ती स्त्री हसते आहे, असे एक दृश्य घ्या. त्यामागे करुण बासरी जोडली, तर प्रेक्षकाला वाटेल की ती दुःख लपवते आहे. त्याच दृश्यामागे बाजाराचा मूळ आवाज ठेवला, तर ती गिऱ्हाइकाच्या थट्टेला हसते आहे, हे कळेल. हसण्याआधी पोलिसाचे दृश्य जोडले, तर अर्थ आणखी बदलेल. तिने एकही शब्द बदललेला नाही, आपण मात्र तीन निराळ्या स्त्रिया तयार केल्या. म्हणून काम पूर्ण होण्याआधी ते तिला दाखवावे. पालावर भिंत नसेल तर पांढरी चादर पुरते. शेजारपाजारची माणसे जमतील, मुले पडद्यापुढे नाचतील, कोणीतरी मध्येच म्हणेल, ‘हे असे नव्हते.’ ते वाक्य वहीत उतरवून घ्यावे आणि संकलनाला पुन्हा बसावे.

शब्दार्थ

फिरस्ता: एके ठिकाणी न राहता हिंडणारा
पाल: भटक्या कुटुंबाचा कापडी निवारा
विमुक्त: बंधनातून सुटलेला, येथे, गुन्हेगार जमाती कायद्यातून मुक्त झालेला
वंशसंहार: एखाद्या संपूर्ण समाजाचा ठरवून केलेला नाश
निवेदन: पडद्यावरील दृश्यांबरोबर ऐकू येणारे स्पष्टीकरण
संकलन: चित्रित दृश्यांची निवड व जुळणी
हुनर: हातचे कौशल्य

स्वाध्याय

१. ‘जिप्सी’ या शब्दाचा मराठीतील अर्थ आणि रोमा लोकांचा प्रत्यक्ष अनुभव यांतील फरक आपल्या शब्दांत लिहा.
२. रोमानी भाषेतील सात, आठ, नऊ या आकड्यांवरून रोमांच्या प्रवासाविषयी काय कळते?
३. ‘आरोपी म्हणून उभा राहत नाही, साक्षीदार म्हणून बोलतो’ या विधानाचा आशय छारानगराच्या संदर्भात स्पष्ट करा.
४. दुसऱ्याची भाषा शिकण्याविषयी लेखकाचा हात का थबकतो? तुमचे मत काय?
५. तुमच्या गावातील आठवडी बाजारात येणाऱ्या एखाद्या फिरत्या कारागिराला भेटा. कॅमेरा न नेता त्यांच्याशी अर्धा तास बोला. त्यांना स्वतःविषयी लोकांना कोणती गोष्ट सांगावीशी वाटते, ते विचारा आणि त्यांच्याच शब्दांत दहा ओळी लिहून पुढच्या बाजाराच्या दिवशी त्यांना वाचून दाखवा.